अफवेला जात असते



राईनपाडा हे गाव तुमच्यापैकी किती जणांनी नकाशात शोधलंय? धुळे जिल्हा, साक्री तालुका, पिंपळनेरकडचा आदिवासी पट्टा. आपण जळगाव-भुसावळची पोरं, आपली तोंडं कायम मुंबई-पुण्याकडं. गाडी धरायची ती तिकडची, पेपर वाचायचा तो तिकडचा. आपल्याच खान्देशाच्या पश्चिम टोकाला काय घडतं ते आपल्याला मुंबईचा टीव्ही सांगतो तेव्हा कळतं.

१ जुलै २०१८. रविवार, राईनपाड्याचा आठवडे बाजार. नाथपंथी डवरी गोसावी समाजाची पाच माणसं बाजारात आली. मंगळवेढ्याकडची, सोलापूर जिल्ह्यातली. पाल टाकून गावोगाव फिरणारी, भिक्षा मागून जगणारी. त्यातला एकजण म्हणे एका लहान पोरीशी बोलला. एवढंच निमित्त. पोरं धरणारी टोळी आली, अशी हाळी उठली. बाजारातच मार सुरू झाला, मग पाचही जणांना ग्रामपंचायतीच्या खोलीत नेऊन ठेचलं. मरेपर्यंत. पोलीस आले ते मोजके, त्यांनाही मार बसला. आणि हे चाललेलं असताना मोबाईल वर धरून लोक शूटिंग करत होते. पोरं धरणाऱ्यांच्या व्हिडिओनं माणसं मेली आणि त्या मरणाचाच पुन्हा व्हिडिओ होऊन फिरला.

दुसऱ्या दिवसापासून पांढरपेशा पेपरांत आणि चॅनेलवर एकच सूर : व्हॉट्सअ‍ॅपनं पाच बळी घेतले. कंपनीनं १० जुलैला पेपरांत पान-पानभर जाहिराती दिल्या, खोटी बातमी कशी ओळखावी म्हणून. १७ जुलैला सुप्रीम कोर्टानं झुंडबळींवर निकाल दिला, जिल्ह्याजिल्ह्यात एक पोलीस अधिकारी नेमा म्हणून सांगितलं. त्याच महिन्यात कंपनीनं जाहीर केलं की हिंदुस्थानात आता एका वेळी पाचच जणांना फॉरवर्ड करता येईल. झालं. रोगाचं नाव व्हॉट्सअ‍ॅप, औषध पाचाचा आकडा. पांढरपेशा माणूस निवांत झोपला.

मला हे कधीच पटलं नाही. फोन माणूस मारत नाही. फोन निरोप पोचवतो. निरोप ऐकल्याबरोबर हातात दगड का येतो, आणि तो याच माणसावर का पडतो, हा सवाल त्या जाहिरातींत कुठंच नव्हता.

आधी तो निरोप बघू. त्या उन्हाळ्यात देशभर फिरलेला एक व्हिडिओ तुम्हीही पाहिला असेल. गल्लीत पोरं खेळतायत, मोटारसायकलवरून दोघं येतात, एक पोर उचलतात आणि पसार. हा व्हिडिओ पाकिस्तानातला, कराचीचा. मुलांच्या सुरक्षिततेसाठी तिथल्या एका संस्थेनं मुद्दाम केलेली फिल्म. मूळ फिल्मच्या शेवटी ते मोटारसायकलवाले परत येतात, पोर खाली ठेवतात आणि पाटी दाखवतात, की बाबांनो, मूल पळवायला इतका कमी वेळ लागतो, लक्ष ठेवा. कुणीतरी हे शेपूट छाटलं. बस्स, तेवढंच केलं. एक कात्री. आईबापांना सावध करणारी फिल्म खून पाडणारी झाली. दुसरा एक प्रकार फिरत होता, ओळीनं ठेवलेल्या लहान मुलांच्या मृतदेहांचा, किडन्या काढून टाकलेली पोरं म्हणून. ती सीरियातली मुलं. २०१३ साली घौटात विषारी वायूनं मेलेली. त्यांच्या आईबापांना कधी कळणारही नाही की आपल्या पोरांच्या मढ्यांवर हिंदुस्थानात कुणीतरी मराठी-हिंदीतून दुसरंच मरण चिकटवलं.

कात्री हे प्रचाराचं सगळ्यात जुनं हत्यार. आपल्या चळवळीला ते चांगलं माहीत आहे. १९७२ च्या १५ ऑगस्टला 'साधना'च्या अंकात राजा ढाले यांचा 'काळा स्वातंत्र्यदिन' आला. ब्राह्मणगावात दलित बाईचं लुगडं फेडणाऱ्याला दंड ५० रुपये आणि राष्ट्रध्वजाचा अपमान करणाऱ्याला ३००, हा कसला न्याय, असा त्या लेखाचा सवाल होता. पुढं गदारोळ झाला तो कशावर? ध्वजाच्या वाक्यावर. बाईचं लुगडं कात्रीखाली गेलं. महिनाभर महाराष्ट्र ध्वजाबद्दल तावातावानं बोलत होता आणि ज्या बाईसाठी लेख लिहिला तिचं नाव घ्यायलाही कुणाला सवड नव्हती. शेपूट छाटायला मोबाईल लागत नाही. शिसाच्या खिळ्यांच्या जमान्यातही ते जमत होतं.

आता दगड कुणावर पडतो ते.

लहानपणी जेवत नसलो की काय सांगायचे? झोळीवाला येईल, पोत्यात घालून नेईल. आमच्या वस्तीत सांगायचे, सराफ बाजाराकडच्या माड्यांवरही तेच सांगत असणार. झोळी कुणाकडं असते? भिक्षा मागणाऱ्याकडं. वकिलाच्या बॅगेत घालून नेतील, असं कुठल्या आईनं पोराला सांगितलेलं मी ऐकलं नाही. मग सिनेमे आले. पोरं पळवून, हातपाय तोडून भीक मागायला बसवणारा खलनायक किती सिनेमांत बघितला आपण? त्याच्याही आधी कायदा होता. इंग्रजांनी १८७१ साली गुन्हेगार जमातींचा कायदा केला, जमातीच्या जमाती जन्मानं चोर ठरवल्या. सोलापूरला तर तारेच्या कुंपणात वसाहतच होती. ३१ ऑगस्ट १९५२ ला तो कायदा गेला. डवरी गोसावी त्या यादीतले नव्हेत, ते भटक्यांत मोडतात. पण गाव काय यादी बघून संशय घेतं? फिरतो तो चोर, हे शाळेत न जाताही पाठ होतं.

म्हणजे बघा, २०१८ च्या व्हॉट्सअ‍ॅपवाल्याला नवं असं काहीच पेरावं लागलं नाही. जमीन नांगरलेली होती, खत घातलेलं होतं, त्यानं फक्त पाणी सोडलं. पाच दिवस आधी, २६ जूनला, अहमदाबादेत याच अफवेवर भिक्षा मागणाऱ्या बायांवर जमाव तुटून पडला. त्यात एक बाई मेली. मदारी समाजाची, तीही फिरस्ती. त्या वर्षीच्या मेलेल्यांची यादी काढून बसा. फिरस्ते, भिकारी, परप्रांतीय मजूर, वेडसर माणसं, हिजडे. ज्यांची भाषा गावाची नाही, ज्यांचं घर गावात नाही, ज्यांच्या वतीनं ठाण्यात फोन करणारं कुणी नाही.

कुणी म्हणेल, बीदरला तर मोटारीतला इंजिनीअर मारला. खरं आहे. १३ जुलै २०१८ ला हैदराबादचा एक तरुण इंजिनीअर मित्रांबरोबर गेला होता, रस्त्यात मुलांना चॉकलेटं दिली, त्याच्यावर तीच वेळ आली. अफवा एकदा सुटली की ती मोटारवाल्यालाही सोडत नाही. पण मोटारवाल्याच्या बाबतीत तिला आधी कुणाला तरी पटवून द्यावं लागतं. झोळीवाल्याच्या बाबतीत पटवायचं कामच नसतं.

आणि राईनपाड्यात मारणारे कोण होते? तेही आपलेच. आदिवासी, गरीब, बाजाराच्या दिवशी चार पैसे घेऊन आलेले. वीसहून जास्त लोकांना अटक झाली. इथं मला आपल्या शहरातल्या सुशिक्षितांचा संताप येतो. लगेच म्हणाले, अडाणी लोक, जंगली लोक. अरे, ती फिल्म कापली कुणी? कापायला कॉम्प्युटर लागतो, त्यावर मराठीत भीती लिहायला अक्षरं लागतात. ती राईनपाड्यातून निघालेली नाही. ती सोसायट्यांच्या, शाळेच्या पालकांच्या, सकाळी गुड मॉर्निंगची फुलं टाकणाऱ्यांच्या ग्रुपांतून फिरत फिरत साक्रीच्या डोंगरात गेली. मालेगावात त्याच रात्री पोलिसांनी एका कुटुंबाला जमावातून कसंबसं बाहेर काढलं, कडेवर दोन वर्षांचं लेकरू होतं. मालेगाव काय जंगल आहे? शहरातल्यानं अंगठा दाबायचा आणि तुरुंगात आदिवासीनं जायचं, मरायचं गोसाव्यानं. एका गावकुसाबाहेरच्यानं दुसऱ्या गावकुसाबाहेरच्याला मारलं, आणि गाव निर्दोष सुटलं.

याच्या शेजारी पालघर ठेवून बघा, म्हणजे प्रचाराची सगळी गंमत उघडी पडते. १६ एप्रिल २०२०, लॉकडाऊन चालू. डहाणू तालुक्यातलं गडचिंचले. पुन्हा आदिवासी पट्टा, पुन्हा चोर आणि पोरं पळवणारे आल्याची अफवा. मोटारीतून चाललेले दोन साधू आणि त्यांचा ड्रायव्हर, तिघांना जमावानं पोलिसांच्या देखत मारलं. तेवढंच अमानुष, तेवढंच लाजिरवाणं. माणसं ती माणसं. पण पुढं काय झालं? व्हिडिओत एक आवाज येतो, कुणीतरी ओरडतंय. 'ओए बस'. बस कर, थांब, एवढाच त्याचा अर्थ. त्या 'ओए बस'चा 'शोएब' केला गेला. झालं, देशभर बोंब, की मुसलमानांनी साधू मारले. गृहमंत्री अनिल देशमुख यांना २२ एप्रिलला अटक केलेल्या १०१ जणांची यादीच जाहीर करावी लागली, यात एकही मुसलमान नाही म्हणून. यादी आली तरी बोंब थांबली नाही. कुणी ख्रिस्ती मिशनरी शोधले, कुणी डावे शोधले. महिनोन् महिने चॅनेलांवर रोज रात्री पालघर.

आणि राईनपाडा? आठवडाभर. मंत्र्यांची भेट, मदतीची घोषणा, संपलं.

अफवा तीच, पट्टा तसाच, मारणारेही तसेच. नाथपंथ हाही भगव्या कफनीचाच पंथ. राईनपाड्यात मेले पाच, पालघरला तीन. तरी 'हिंदू खतरे में' म्हणायला राईनपाड्याची पाच प्रेतं कुणाला उपयोगी पडली नाहीत. का? कारण त्या कफनीखाली भटक्याची जात होती, आणि मारणाऱ्यांत मुसलमान शोधून काढण्याइतकी तसदीही या पाच जणांसाठी कुणी घेतली नाही. मेल्यावरसुद्धा माणसाची किंमत जातीनंच ठरली. आणि त्या तिघांतला ड्रायव्हर? त्याचं नाव कुणाला आठवतंय का बघा. घोषणा सगळ्या साधूंच्या होत्या.

अमेरिकेत १९३७ साली न्यूयॉर्कला काही प्राध्यापकांनी प्रचाराची चिरफाड करणारी एक संस्था काढली होती. हिटलर-मुसोलिनीचा काळ, रेडिओ नवा. त्यांनी प्रचाराच्या सात युक्त्या काढून दाखवल्या. नाव ठेवणं, गोंडस शब्द वापरणं, एकाची पुण्याई दुसऱ्याला चिकटवणं, मोठ्या माणसाची साक्ष काढणं, मी तुमच्यातलाच म्हणणं, सोयीचे पत्ते तेवढे मांडणं, सगळे चाललेत तू पण चल म्हणणं. संस्था १९४२ ला बंद पडली, युद्धात सरकारचाच प्रचार सुरू झाल्यावर असले धंदे कुणाला हवेत? यादी चांगली आहे, शाळेत शिकवावी अशी. 'नक्षलवादी' हा शब्द २००६ साली खैरलांजीचे मोर्चे निघाल्यावर आपल्याला कसा चिकटवला ते पहिल्या युक्तीत बसतं. पण त्या प्राध्यापकांची एक युक्ती राहून गेली, कारण ते गावकुसाबाहेर जन्मलेले नव्हते. मुकं राहणं. खैरलांजीत २९ सप्टेंबर २००६ ला भोतमांगे कुटुंबातले चौघं मारले गेले आणि मोठ्या पेपरांना त्याची खरी दखल घ्यायला महिना लागला. तोवर गावानं त्या माउलीच्या चारित्र्याची कुजबुज सोडून दिली होती. आधी मुकं राहायचं, मग त्या मुकेपणात कुजबुज सोडायची. १९२० साली 'मूकनायक'ची जाहिरात पैसे मोजूनही 'केसरी'नं छापली नव्हती, ती हीच रीत. बाबासाहेबांनी पत्राचं नाव उगाच 'मूकनायक' ठेवलं नव्हतं.

आता जरा आपल्या अंगणात येऊ. कडू वाटेल, पण हे लिहायला दुसरं पान नाही.

राईनपाड्याच्या तीन आठवडे आधी, १० जून २०१८ ला, आपल्याच जळगाव जिल्ह्यात, जामनेर तालुक्यातल्या वाकडीत मातंग समाजाच्या पोरांना विहिरीत पोहले म्हणून नागडं करून पट्ट्यानं मारलं. मारणाऱ्यांनीच व्हिडिओ काढला. संताप आला, यायलाच हवा. पण आपण काय केलं? दोन गोष्टी केल्या. एक, तोच व्हिडिओ, त्या पोरांचे चेहरे दिसतायत, अंगावर पाला धरून उभी आहेत, असा तो उघडानागडा व्हिडिओ आपण हजारो फोनांत पोचवला. मारणाऱ्यानं गावासमोर त्यांची अब्रू काढली, आपण देशासमोर. वर लिहिलं, शेअर करा, न्याय मिळवून द्या. लहान मुलांची अशी ओळख उघड करायला कायद्यानंच बंदी आहे, पण कायदा सोडा, ते पोर उद्या कॉलेजात जाईल तेव्हा त्याच्या बाजूच्या बाकावरच्याकडं तो व्हिडिओ असेल, एवढा तरी विचार?

दुसरी गोष्ट. शेतमालकाचं आडनाव ऐकलं आणि आपल्यातल्या काहींनी 'बामणानं मारलं' म्हणून मजकूर सोडला. तो निघाला जोशी या भटक्या जमातीतला. जोशी नावाची भटकी जमात महाराष्ट्राच्या यादीत आहे, हे आपल्याला माहीत नको? मग मंत्र्यांना आयतं मिळालं. हे सवर्णांनी केलेलं नाही, हो, उगाच राजकारण चाललंय, असा सूर लागला आणि चर्चा पट्ट्यावरून आडनावावर गेली. पोरांचे वळ बाजूला पडले.

यावर आमच्याकडं गोलाणी मार्केटखाली चहावर चांगलीच जुंपली होती. एक दोस्त म्हणाला, "भो, ते लोक दिवसाला शंभर खोटं पेरतात. आपण एक पेरलं तर काय बिघडलं? लढाई आहे ही." मी म्हणालो, लढाई आहे म्हणूनच. त्यांच्याकडं चॅनेल आहेत, पैसा आहे, त्यांचं खोटं पकडलं गेलं तर ते उद्या दुसरं छापतील. आपलं एक पकडलं गेलं की आपल्या दहा खऱ्या तक्रारी ठाणेदार त्याच टोपलीत टाकतो. आणि खोट्याची गरज काय होती? १९८९ चा अत्याचार प्रतिबंधक कायदा आरोपी ब्राह्मण आहे का विचारत नाही. तो अनुसूचित जाती-जमातीबाहेरचा असला की पुरे. वाकडीत त्या कायद्याखालीच गुन्हा नोंदला गेला. भटक्यानं मातंगाच्या पोरांना पट्ट्यानं फोडावं, एवढी ही उतरंड खालपर्यंत मुरलीय, ही खरी बातमी होती. ती जास्त भयंकर होती. आपण ती फेकून दिली आणि सोपी घेतली.

दोस्त गप्प बसला नाही. म्हणाला, "खरं सांगत बसलास तर कुणी फॉरवर्ड करत नाही." ह्यात तथ्य आहे, हे मी इथं लिहून ठेवतो. खरं हे लांब असतं, त्यात 'पण' असतो, 'तरी' असतो. अफवेत 'पण' नसतो. 'तुझं मूल' एवढे दोन शब्द पुरतात. राईनपाड्याच्या बाजारात त्या दिवशी उभं राहून कुणी सांगितलं असतं, की बाबांनो, ही फिल्म कराचीची, तर त्याचं ऐकलं असतं का? नसतं. ऐकायची वेळ आदल्या वर्षी, त्याच्या आदल्या वर्षी होती. त्या गावात डवरी गोसावी कोण, कुठून येतो, त्याच्या पालात किती लेकरं आहेत, हे कुणीतरी आधीच सांगितलेलं असायला हवं होतं. आपण आदिवासी पाड्यावर जातो ते भाषण ठोकायला. भटक्यांच्या पालावर तर जातच नाही. ते मतदार यादीत नसतात ना.

आणखी एक किडा आपल्यात वळवळतोय, सहावी-सातवीतल्या पोरांपर्यंत पोचलाय. बाबासाहेबांच्या फोटोखाली वाट्टेल ते वाक्य छापायचं. मोठ्या माणसाची साक्ष काढणं, ती अमेरिकन यादीतली चौथी युक्ती. निळी पार्श्वभूमी, कोट-टाय, खाली कुठल्यातरी बाबाचं किंवा मॅनेजमेंटच्या पुस्तकातलं सुविचारी वाक्य. काही तर असली की ज्यांच्याविरुद्ध बाबासाहेब आयुष्यभर लढले त्यांच्याच सोयीची. ती आपल्यात कोण सोडतं, असा प्रश्न कधी पडला का? महाराष्ट्र सरकारनं १९७९ पासून बाबासाहेबांच्या लेखन-भाषणांचे खंड छापलेत, वसंत मूनांनी त्यासाठी जन्म घातला. जयंतीला डीजे लावायला वर्गणी जमते, खंड घ्यायला जमत नाही.

तर ३१ जुलैला आपण सगळे धुळ्याजवळ लळिंगच्या लांडोर बंगल्यावर जातोच. १९३७ साली बाबासाहेब तिथं आले होते, त्याची आठवण म्हणून. यंदा आम्ही तिघंचौघं तिथं झाडाखाली सतरंजी टाकून खंड घेऊन बसणार आहोत. तुमच्या मोबाईलमधलं बाबासाहेबांचं आवडतं वाक्य घेऊन या, बसून शोधू. सापडलं तर खंड आणि पान लिहून देऊ. नाही सापडलं तर तुमच्यासमोर पुसू, आणि ते तुम्हाला कुणी पाठवलं होतं ते विचारू. मग त्याला कुणी, ते विचारू. पिंपळनेरकडून येणारी काही पोरं आहेत, डवरी गोसाव्यांच्या पालावरून दोघं यायला तयार झालेत. जेवणाची भाकरी ज्याची त्यानं आणायची.